न फिटणारं देणं

मास्तर घरी येतात ते अभिनंदन करायला. मुलाला पुढे शिकवायचं ठरवलंत, फार चांगलं केलंत, असं ते त्या विधवेला मनापासून सांगतात. तिला यातलं काहीच ठाऊक नसतं. पुढच्या शाळेत जाणार असल्याचं पोरानं मास्तरांना परस्पर सांगून टाकलेलं असतं. रेशमाच्या गिरणीत राबून दोन वेळची चूल कशीबशी पेटवणारी ही बाई मास्तरांसमोर काही बोलत नाही. पाहुण्यापुढे पोराला खोटं पाडायचं नाही म्हणून ती ऐकून घेते, मान डोलावते, आदरानं निरोप देते. मास्तरांची पाठ वळल्यावर मात्र पोराला समोर बोलावते आणि त्याच्या थोबाडीत मारते.

यासुजिरो ओझू यांच्या ‘हितोरी मुसुको’, म्हणजे ‘एकुलता एक’, या १९३६ सालच्या चित्रपटातला हा सुरुवातीचा प्रसंग आहे. पुढची सगळी गोष्ट या एका खोट्यातून निघते. थोड्याच वेळात आईचं मन पालटतं. तू शीक, मोठा हो, पैशाचं मी बघते, असं ती पोराला सांगते आणि पोरगाही मोठा होऊन दाखवण्याचा शब्द देतो. मास्तरांच्या अज्ञानातून, पोराच्या खोट्यातून आणि आईच्या मारातून एक करार तयार होतो. तिघांपैकी कुणीही तो मोडत नाही आणि कुणालाही तो पुरा करता येत नाही.

या चित्रपटाची ओळख बहुतेक वेळा ‘आईच्या त्यागाची करुण कहाणी’ अशी करून दिली जाते. मला ती अपुरी वाटते. त्यागाच्या कहाण्या जपानी सिनेमात रगड होत्या आणि शोचिकु या ओझूंच्या कंपनीनं तर घरगुती आई-मुलांच्या चित्रपटांवरच आपलं बस्तान बसवलं होतं. ‘हितोरी मुसुको’त वेगळं काय आहे, तर इथे महत्त्वाकांक्षा आणि कर्तव्य एकमेकांच्या विरोधात उभी नाहीत. एरवी गोष्टींमध्ये नायकाला मोठं व्हायचं असतं आणि कर्तव्य त्याचे पाय ओढत असतं. इथे मोठं होणं हेच कर्तव्य आहे. ऱ्योसुकेनं, म्हणजे त्या पोरानं, नाव काढायचं ते स्वतःच्या हौसेखातर नव्हे, आईनं घातलेल्या कष्टांची फेड म्हणून. त्यामुळे तो जेव्हा नाव काढू शकत नाही, तेव्हा त्याचं एकट्याचं नुकसान होत नाही. तो आईचा देणेकरी ठरतो आणि देणं फेडायची वाट तर शहरानं आधीच बंद केलेली असते.

हे देणं आलं कुठून, ते पाहायला थोडं मागे जावं लागतं. मेइजी काळातल्या जपाननं सामान्य माणसाला एक नवं आश्वासन दिलं होतं: जन्म कुठेही होवो, शिकलास तर वर येशील. सॅम्युअल स्माइल्सच्या स्वावलंबनावरच्या पुस्तकाचा नाकामुरा मासानाओ यांनी केलेला अनुवाद १८७१ मध्ये आला आणि घरोघर वाचला गेला. पुढच्याच वर्षी फुकुझावा युकिची यांची शिक्षणाचं महत्त्व सांगणारी पुस्तकमाला सुरू झाली आणि त्याच वर्षी देशभर शाळा काढण्याचा सरकारी आदेशही निघाला. ‘रिश्शिन शुस्से’, म्हणजे स्वतःच्या हिमतीवर वर येऊन नाव कमावणं, हा पुढच्या दोन पिढ्यांचा मंत्र झाला. सामुराईंच्या मुलांबरोबर शेतकऱ्यांची मुलंही तो घोकू लागली.

पण सक्तीचं आणि सर्वांसाठीचं शिक्षण सहा वर्षांचं, प्राथमिक शाळेपुरतं. त्यापुढची पाच वर्षांची माध्यमिक शाळा फी भरून शिकायची. खेड्यातली बहुतेक पोरं सहावीनंतर शेतात, दुकानात किंवा गिरणीत जात. म्हणूनच मास्तर अभिनंदन करायला येतात आणि म्हणूनच पोर खोटं बोलतं. बारा-तेरा वर्षांच्या मुलाला वर्गातल्या इतरांची वाट एकीकडे आणि आपली दुसरीकडे फुटताना दिसते. त्यातून ते खोटं आलेलं आहे. मला त्या पोराचा राग कधीच आला नाही.

चित्रपटात तीन सालं पडद्यावर झळकतात. १९२३, शिन्शू. १९३५, शिन्शू. १९३६, टोकियो. मधली बारा वर्षं ओझू गाळून टाकतात. पोरगा माध्यमिक शाळेत कसा गेला, पुढे काय शिकला, आईनं पैसा कसा उभा केला, हे काहीच दाखवत नाहीत. एका बाजूला आशा आणि दुसऱ्या बाजूला तिचा हिशेब, एवढंच आपल्यापुढे येतं. या बारा वर्षांत जपानचं काय झालं होतं, हे तेव्हाच्या प्रेक्षकाला सांगायची गरजही नव्हती. १ सप्टेंबर १९२३ च्या कांतो भूकंपानं टोकियो आणि योकोहामा उद्ध्वस्त केलं. शहर पुन्हा बांधलं जात असतानाच मंदी आली. पदवीधर तरुण नोकरीसाठी वणवण करू लागले. ओझूंनीच १९२९ मध्ये ‘पदवी तर मिळाली, पण...’ अशा अर्थाच्या नावाचा मूकपट काढला होता आणि ते नाव लोकांच्या तोंडी बसलं होतं. मेइजीचं आश्वासन कागदावर तसंच होतं. ते वटवायची खिडकी मात्र बंद झाली होती.

शिन्शू म्हणजे आजचा नागानो प्रांत. सुवा तळ्याकाठचं ओकाया हे गाव तर रेशमाचंच. डोंगराळ मुलूख, भाताला जमीन थोडी, म्हणून उतारांवर तुतीची लागवड आणि घराघरात रेशीमकिडे. गिरण्यांमध्ये बायका आणि पोरी गरम पाण्याच्या भांड्यांपुढे बसत, पाण्यात भिजून मऊ झालेल्या कोशांची टोकं बोटांनी शोधत, काही कोशांचे तंतू एकत्र करून त्यांचा धागा फिरत्या रिळावर चढवत. वाफ, ओल, कोशातल्या मेलेल्या किड्यांचा वास आणि पहाटेपासून रात्रीपर्यंत उघडे डोळे. कच्चं रेशीम हा तेव्हा जपानच्या निर्यातीतला सर्वांत मोठा माल होता आणि त्याचं सर्वांत मोठं गिऱ्हाईक अमेरिका. त्या रेशमाच्या परकीय चलनावर जपाननं यंत्रं घेतली, जहाजं घेतली. १९२९ मध्ये न्यूयॉर्कचा शेअरबाजार कोसळला आणि १९३० मध्ये रेशमाचे भाव कोसळले. सर्वांत मोठा दणका बसला तो याच डोंगराळ गावांना.

नायिका त्सुने ही रेशीमगिरणीतली कामगार आहे ही गोष्ट म्हणूनच साधी नाही. राष्ट्राच्या चढत्या नशिबाचा धागा ज्या हातांनी ओढला, त्या हातांपैकी दोन तिचे. ओझू याचं भाषण करत नाहीत. रिळांची रांग दाखवतात, डोक्याला फडकं बांधलेल्या बायका दाखवतात, यंत्रांचा एकसुरी आवाज ऐकवतात. मात्र पुढे टोकियोत, रात्रीच्या वेळी, घर विकलं आणि तुतीचं शेतही विकलं असं जेव्हा ती मुलाला सांगते, तेव्हा त्या वाक्यात सगळ्या प्रांताची कथा येते. मुलाच्या शिक्षणासाठी तिनं विकलेलं शेत हा नुसता जमिनीचा तुकडा नव्हता, तिच्या मुलखाचा तो एकमेव धंदा होता. आता ती गिरणीच्याच चाळीत राहते. परत जायला तिला स्वतःचं दार उरलेलं नाही.

ओझूंच्या आयुष्यातले धागे या चित्रपटात सापडतात. त्यांचा जन्म १२ डिसेंबर १९०३ चा, टोकियोतल्या फुकागावाचा, पण वाढले ते मिये प्रांतातल्या मात्सुसाकाला. वाणिज्य महाविद्यालयाच्या प्रवेशपरीक्षेत ते नापास झाले, शिक्षक-प्रशिक्षण संस्थेतही प्रवेश मिळाला नाही, आणि १९२२ मध्ये एका डोंगरी खेड्यातल्या प्राथमिक शाळेत बदली शिक्षक म्हणून वर्षभर त्यांनी मुलांना शिकवलं. पुढच्या वर्षी शाळा सोडून ते टोकियोला आले आणि शोचिकुच्या कामाता स्टुडिओत कॅमेरा विभागात हरकाम्या झाले. वर्ष १९२३. चित्रपटातले मास्तर ओकुबो हेही डोंगरातल्या शाळेतले तरुण शिक्षक आहेत आणि तेही नेमके याच सुमारास मोठं काही करण्याच्या ईर्ष्येनं टोकियो गाठतात. दोघांची वाट एकच होती. एकजण जपानचा सर्वांत मानाचा दिग्दर्शक झाला, दुसऱ्याला त्यानं टोकियोत कटलेटचं दुकान थाटून दिलं.

ओकुबो मास्तरांची भूमिका चिशू ऱ्यू यांनी केली आहे. तेव्हा ते बत्तिशीत होते. पुढे ओझूंच्याच ‘टोकियो स्टोरी’तला म्हातारा बाप म्हणून ते जगभर ओळखले गेले, पण मला त्यांचं हे मास्तरांचं काम त्याहून काकणभर सरस वाटतं. सुरुवातीला त्यांच्या बोलण्यात शहराविषयीची जी आच आहे ती पाहावी, आणि तेरा वर्षांनी डुकराच्या मांसाचे कटलेट तळणारा, पोरांच्या गराड्यात अडकलेला तोच माणूस जुन्या विद्यार्थ्याच्या आईचं स्वागत कसं करतो तेही पाहावं. कडवटपणा नाही, आव नाही. थोडी लाज आहे, आणि ती पाहुणचाराच्या लगबगीत झाकायची धडपड आहे. दुकानावर टांगलेलं फडकं वाऱ्यावर फडफडत असतं. ज्यानं पोराच्या मनात पहिली ठिणगी टाकली, त्या माणसाची ही अवस्था पाहून आईच्या मनात काय आलं असेल, हे ओझू तिच्याकडून वदवून घेत नाहीत. आईचं काम करणाऱ्या चोको इईदा यांच्या चेहऱ्यावर ते क्षणभर येतं आणि जातं.

इईदा तेव्हा चाळिशीच्याही झाल्या नव्हत्या. ओझूंच्या मूकपटांत त्यांनी खमक्या, तोंडाळ, जिभेनं फटकारणाऱ्या बायका रंगवल्या होत्या. इथे त्यांच्या वाट्याला दबून राहणं आलं आहे. ही बाई टोकियोत आल्यावर सतत हसतमुख राहते. मुलानं न कळवता लग्न केलंय, नातू झालाय, हे तिला दारात पाऊल टाकल्यावर कळतं, तरी ती सून आणि बाळाकडे कौतुकानंच पाहते. मुलगा रात्रशाळेत शिकवतो, म्हणजे नोकरी जेमतेमच, हेही ती गोड मानून घेते. तिच्या पाहुणचारासाठी त्यानं उसने पैसे आणलेत, हे तिला कुणी सांगत नाही. दोन्हीकडून प्रेमापोटी लपवाछपवी चाललेली असते. रस्त्यावरच्या गाडीवाल्याकडून मुलगा शेवयांचे गरम वाडगे आणतो आणि रस्सा किती चांगला आहे ते आईला पुन्हापुन्हा सांगतो, तेव्हा त्याची धांदल पाहवत नाही. आपल्याकडे देण्यासारखं एवढंच आहे, हे त्याला कळलेलं आहे.

मग येतो माळावरचा प्रसंग. ऱ्योसुके राहतो ते सुनामाची, शहराच्या पूर्वेला, खाडीकडचा सखल भाग. १९३२ मध्ये टोकियोची हद्द वाढवून पंधराचे पस्तीस विभाग केले, तेव्हा ही वस्ती शहरात आली. शहरात आली म्हणजे शहराचा कचरा तिच्या वाट्याला आला. आई आणि मुलगा मोकळ्या माळावर बसलेले असतात आणि समोर कचराभट्टीची उंच धुराडी असतात. टोकियोचा कचरा तिथे जाळतात, असं मुलगा सांगतो. त्यानंतर तो बोलायला लागतो. तुला मी असा असेन असं वाटलं नव्हतं ना, असं विचारतो. माझं आता एवढंच, यापुढे काही नाही, असं म्हणतो. वर कुठेतरी चंडोल गात असतात. ओझू दोघांना शेजारी शेजारी, एकाच दिशेला तोंड करून बसवतात. पुढे त्यांच्या अनेक चित्रपटांत माणसं अशीच बसतात. अवघड गोष्ट एकमेकांकडे न पाहता बोलली जाते, हे त्यांनी इतकं नेमकं ओळखलं होतं की नंतरच्या पंचवीसहून अधिक वर्षांत त्यांना त्यात बदल करावा लागला नाही.

त्या रात्री आईला झोप येत नाही. आणि इथे ती पहिल्यांदा हसणं सोडते. मुलगा सांगतो, टोकियोत माणसं फार, सगळ्यांनाच वर येता येत नाही. आई चिडते. नोकरी छोटी असल्याचा तिला राग नाही, हे नीट ऐकायला हवं. त्यानं हात टेकले याचा तिला राग आहे. तुझ्यासाठी मी घर विकलं, शेत विकलं, आणि तू एवढ्यात हरलास? सून पलीकडे जागी असते. तिला सगळं ऐकू येतं आणि तिला हुंदका फुटतो. या क्षणी कोणताही दुसरा दिग्दर्शक कॅमेरा रडणाऱ्या चेहऱ्यावर नेता. ओझू खोलीचा एक रिकामा कोपरा दाखवतात आणि तिथेच थांबतात. भिंत, काही सामान, बाहेरून येणारा उजेड. रडणं ऐकू येत राहतं. कितीतरी वेळ पडद्यावर कुणीच नसतं. पहिल्यांदा पाहताना हा वेळ अवघड जातो आणि पाहणाऱ्यानं तो अवघडपणा टाळू नये, असं मी आग्रहानं सांगेन. आई बोलली ते खरं होतं. मुलगा बोलला तेही खरं होतं. दोन खऱ्या गोष्टी एका छोट्या खोलीत मावत नाहीत, आणि त्या कोपऱ्याकडे पाहताना ती न मावणारी जागा आपल्याला सोसावी लागते.

याच्या दुसऱ्या दिवशीचा प्रसंग चित्रपटातला सर्वांत वादाचा आहे. सून आपला किमोनो विकून पैसे आणते, सासूबाईंना कुठेतरी फिरायला न्या म्हणते. निघायच्या तयारीत असतानाच शेजारणीच्या मुलाला घोडा लाथ मारतो. पोरगा गंभीर जखमी. शेजारीणही विधवा, हातावर पोट. ऱ्योसुके मुलाला इस्पितळात नेतो आणि फिरायला जाण्यासाठी आलेले पैसे त्या बाईच्या हातात ठेवतो. आई हे पाहते. तुझा मला अभिमान वाटतो, असं त्याला सांगते, आणि गरीब राहिलास म्हणूनच कदाचित तू असा राहिलास, असंही सुचवते.

अनेक समीक्षकांना हा शेवटाकडचा समेट वाटतो: यश नाही मिळालं, पण माणुसकी मिळाली, म्हणजे देणं फिटलं. मला तसं वाटत नाही. आईचा अभिमान खरा आहे, यात शंकाच नाही. पण हे पैसे कुणाचे होते? सुनेच्या किमोनोचे. ऱ्योसुकेचं औदार्य त्याच्या बायकोनं अंगावरचं विकून शक्य केलेलं आहे. आईनं शेत विकलं, सुनेनं किमोनो विकला. या घरातला पुरुष जेव्हा जेव्हा चार पावलं चालतो, तेव्हा एका बाईची काही तरी वस्तू जाते. ओझू हे बोट दाखवून सांगत नाहीत, पण दोन्ही विक्रींचे उल्लेख पटकथेत जवळजवळ ठेवलेले आहेत आणि ते योगायोगानं घडलेलं नाही. त्या मुलाची आईसुद्धा विधवाच असणं हेही योगायोगानं घडलेलं नाही. पोराच्या एका छोट्या हौसेसाठी पैसे नसलेली ती बाई म्हणजे १९२३ ची त्सुनेच. ऱ्योसुकेनं तिला मदत केली तेव्हा तो जुन्या आईला, आजच्या आईसमोर, थोडंसं परत देत होता. थोडंसंच.

या चित्रपटाच्या आवाजाविषयी लिहिल्याशिवाय पुढे जाता येत नाही, कारण हा ओझूंचा पहिला बोलपट. जपानमधला पहिला यशस्वी बोलपट शोचिकुनंच १९३१ मध्ये काढला होता, हेइनोसुके गोशो यांच्या दिग्दर्शनात. ओझू मात्र १९३५ पर्यंत मूकपटच काढत राहिले आणि तेही अव्वल. १९३२, १९३३ आणि १९३४ अशी सलग तीन वर्षं ‘किनेमा जुंपो’ या नियतकालिकाच्या वार्षिक निवडीत त्यांचा मूकपट पहिला आला. उशिराचं एक कारण अगदी माणसामाणसातलं होतं. त्यांचे छायालेखक हिदेओ मोहारा स्वतःची ध्वनिमुद्रण पद्धत तयार करत होते आणि आपला पहिला बोलपट त्याच पद्धतीवर करीन, असा शब्द ओझूंनी त्यांना दिला होता. तो शब्द पाळायला त्यांनी वर्षानुवर्षं वाट पाहिली. या कथेचं एक रूप १९३५ मध्ये मूकपट म्हणून सुरू होऊन अर्धवट राहिलं होतं, तेही इथे नव्यानं उभं राहिलं. १९३६ च्या सुरुवातीला शोचिकुनं आपला स्टुडिओ ओफुनाला हलवला. मोहारांची यंत्रणा तिथे चालणार नव्हती, म्हणून ओझू आणि त्यांची मंडळी रिकाम्या झालेल्या जुन्या कामाता स्टुडिओत राहून काम करत होती. दिवसा शेजारून जाणाऱ्या आगगाड्यांचा आवाज येई, म्हणून रात्री चित्रीकरण. कर्तव्य आणि दिलेला शब्द यांच्याविषयीचा चित्रपट अशा रीतीनं स्वतःही एका दिलेल्या शब्दातून आला.

आणि चित्रपटातही बोलपट आहे. मुलगा आईला सिनेमाला नेतो. पडद्यावर विली फोर्स्ट यांचा शूबर्टच्या आयुष्यावरचा १९३३ चा चित्रपट, मार्था एगर्थ गव्हाच्या शेतातून पळते आहे. याला बोलपट म्हणतात, असं मुलगा मोठ्या उत्साहानं समजावतो. आई पेंगते. ओझू तो परदेशी चित्रपट बराच वेळ चालू देतात. युरोपातलं संगीत, अपूर्ण राहिलेली सिंफनी, शेत, प्रेम, आणि खुर्चीत डुलक्या घेणारी गिरणीकामगार बाई. प्रेक्षकांत कुणी हसेल, पण त्या प्रसंगात थट्टा नाही. आयुष्यभर यंत्रांच्या आवाजात जागी राहिलेल्या बाईला मऊ अंधारात बसल्यावर झोप लागते. मुलगा तिला जे दाखवू पाहतो ते त्याच्या जगाचं वैभव आहे, आणि त्या वैभवाशी तिचा काही संबंध नाही. तिनं पैसा ओतला तो नेमका याच दरीत.

चित्रपटाच्या आरंभी ऱ्युनोसुके अकुतागावा या लेखकाचं एक वाक्य येतं. त्याचा रोख आई-बाप आणि मूल या नात्यावरच आहे. अकुतागावांनी १९२७ मध्ये आत्महत्या केली होती आणि त्यांचं नाव तेव्हाच्या शिकलेल्या प्रेक्षकाच्या मनात एक सावली घेऊन येत असे. गिरणीतल्या बाईच्या कथेला ओझूंनी असं साहित्यिक प्रवेशद्वार का लावलं? मला वाटतं, ही गोष्ट फक्त गरिबीची म्हणून कुणी पाहू नये, यासाठी. पैसा असता तर सगळं ठीक झालं असतं, हा निष्कर्ष त्यांना नको होता. पैसेवाल्या घरांतही आई-बापाचं देणं फिटत नाही, हे त्यांनी पुढे कितीतरी चित्रपटांत दाखवलं. स्वतः ओझूंनी लग्न केलं नाही. वडील १९३४ मध्ये गेले, आणि आईबरोबर ते तिच्या अखेरपर्यंत राहिले. ती १९६२ मध्ये गेली, ते त्यानंतर वर्ष-दोन वर्षांत, साठाव्या वाढदिवशी.

शेवटचे प्रसंग पाहताना वाचकानं दोन वाक्यांची सांगड घालावी. आई जाताना नातवासाठी पैसे आणि चिठ्ठी ठेवून जाते. ती वाचून ऱ्योसुके ठरवतो की पुन्हा अभ्यास करायचा, माध्यमिक शिक्षकाची पात्रता मिळवायची. म्हणजे कराराचं नूतनीकरण होतं. इकडे गिरणीत परतलेली त्सुने सोबतिणीला सांगते की मुलगा मोठा माणूस झालाय. हे खोटं आहे का? पहिल्या प्रसंगात पोर खोटं बोललं होतं आणि आईनं त्याला मारलं होतं. आता आईच तसंच एक वाक्य बोलते आहे. पण तिनं इस्पितळातला मुलगा पाहिलाय, त्या अर्थानं ते खरंही आहे. मग ती एकटीच गिरणीमागच्या अंगणात जाऊन बसते आणि तिचा चेहरा उतरतो. दोन्ही खरं: सोबतिणीला सांगितलेलं आणि अंगणात उरलेलं. ओझूंनी यातलं एकही दुसऱ्याच्या तोंडून खोडून काढलेलं नाही. माझ्या मते १९३६ च्या जपानी सिनेमात, जिथे दिग्दर्शक मिझोगुचींचे ‘ओसाका एलेजी’ आणि ‘गियोनच्या बहिणी’ हेही त्याच वर्षी आले, इतका मोकळा ठेवलेला शेवट दुसरा नाही.

तो मोकळा राहू शकला, याला काळही कारण होता. त्या वर्षी फेब्रुवारीत टोकियोत लष्करातल्या तरुण अधिकाऱ्यांनी बंड केलं, मंत्री मारले गेले. सप्टेंबरात ‘हितोरी मुसुको’ प्रदर्शित झाला. वर्षभरानं ओझू सैनिक म्हणून चीनला गेले. १९४२ मध्ये, युद्धाच्या ऐन मध्यात, त्यांनी ‘एक वडील होते’ हा चित्रपट काढला, आणि तो या चित्रपटाचा जणू दुसरा भाग म्हणून पाहता येतो. पुन्हा शिन्शू, पुन्हा शिक्षक, पुन्हा एकुलता मुलगा आणि त्याच्या शिक्षणासाठी झालेली ताटातूट. बाप म्हणजे चिशू ऱ्यू. मोठा झालेला मुलगा म्हणतो, नोकरी सोडून तुमच्याबरोबर राहतो. बाप त्याला आपलं काम न सोडण्याचा उपदेश करतो, आणि आपापलं कर्तव्य नीट केल्याचं समाधान घेऊन मरतो. तो चित्रपटही सुंदर आहे, त्यातल्या मासेमारीच्या प्रसंगात दोघांच्या गळांची लय एक होते ती कुणी विसरणार नाही. पण तिथे कर्तव्याला उत्तर सापडलेलं आहे आणि ते उत्तर त्या वर्षी सरकारलाही हवं होतं. १९३६ मध्ये ओझू अजून विचारत होते: ज्यानं सगळं दिलं त्याला परत काय द्यायचं, आणि देता येत नसेल तर त्याच्यासमोर बसायचं कसं? पुढच्या पानांत या चित्रपटाचा प्रसंगवार परिचय येतो. तो वाचताना आईची बाजू घ्यावी की मुलाची, असं वाटेल. दोघांच्याही बाजूनं एकदा वाचावा आणि तिसऱ्यांदा सुनेच्या, कारण तिच्याविषयी अजून फार थोडं लिहिलं गेलं आहे.